युद्धाच्या पहिल्या आठवड्यात टीव्हीवरचं काय खरं मानायचं?

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा: ‘मे 2025मध्ये ऑपरेशन सिंदूरच्या वेळी आम्ही घरातले सगळे रात्रभर न्यूज चॅनेल बघत होतो. कराची बंदर उद्ध्वस्त झाल्यापासून काय काय ऐकलं, आणि सकाळी त्यातलं बरंच खोटं निघालं. न्यूजरूममध्ये हे मुद्दाम करतात का? पुन्हा अशी वेळ आली तर पहिले चार-सहा दिवस काय खरं मानायचं?’

मी मराठी टीव्ही बातम्यांत आयुष्य काढलं, त्यातली बरीच वर्षं आंतरराष्ट्रीय डेस्कवर. परदेशी एजन्सींचं फीड उतरवून घ्यायचं, त्यातून बातमी काढायची, व्हीओ म्हणजे दृश्यांवर वाचायचा मजकूर लिहायचा आणि ती रनडाउनमध्ये, म्हणजे बातमीपत्राच्या क्रमात, बसवायची, हे माझं काम. म्हणून उत्तर डेस्कच्या बाजूनं देते, आणि उदाहरण घेते 2003च्या इराक युद्धाचं. मे 2025बद्दलचे दावे-प्रतिदावे अजून पुरते मिटलेले नाहीत. इराकच्या पहिल्या आठवड्यातल्या बहुतेक मोठ्या बातम्या मात्र पुढे कुणी ना कुणी तपासल्या. पत्रकारांनी तपासल्या, संशोधकांनी तपासल्या, एका प्रकरणात ब्रिटनमध्ये रीतसर चौकशी झाली, आणि काही गोष्टी खुद्द अमेरिकी लष्करालाच मान्य कराव्या लागल्या. त्यामुळे तेव्हा पडद्यावर काय होतं आणि जमिनीवर काय होतं, हे आज शेजारी शेजारी ठेवून बघता येतं.

मुद्दाम करतात का, तर काही वेळा हो, आणि त्याकडे पुढे येतेच. पण पहिल्या आठवड्यातलं बहुतेक खोटं वेगळ्या वाटेनं येतं. टीव्हीला ‘आत्ता, या क्षणी’ सांगायचं असतं आणि जिथे घटना घडते तिथे कॅमेरा नसतो. मग कॅमेरा जिथे उभा राहू शकतो तिथून दिसणारं चित्र आणि ज्यानं तो तिथे उभा राहू दिला त्याचं म्हणणं, या दोन गोष्टी एकत्र शिवल्या जातात. चित्र खरंच असतं. म्हणणं तपासलेलं नसतं. बघणाऱ्याला मात्र चित्रामुळे म्हणणंही खरं वाटतं.

20 मार्च 2003ची सकाळ घ्या. बगदादमध्ये पहाटेचे साडेपाच वाजले होते, आपल्याकडे आठ. त्याच दिवशी डर्बनला विश्वचषकाची भारत-केनिया उपांत्य लढत होती. मराठीत चोवीस तासांचं न्यूज चॅनेल तेव्हा नव्हतंच, ठरावीक वेळेची बातमीपत्रं होती. त्यामुळे सकाळपासून प्रत्येक डेस्कवर एकच घासाघीस चालली होती, हेडलाइन क्रिकेटची की युद्धाची. बगदादच्या मध्यवस्तीतल्या उंच इमारतींवरचे कॅमेरे पहाटेचं निळसर आकाश दाखवत होते. सायरन ऐकू येत होते, विमानविरोधी तोफांच्या ठिणग्या दिसत होत्या, दूर कुठेतरी धूर होता. हल्ला झाला होता तो शहराच्या दक्षिणेला, दोरा फार्म्स नावाच्या जागी. सद्दाम हुसेन तिथल्या बंकरमध्ये आहे अशी खबर अमेरिकेला मिळाली होती. ती जागा एकाही कॅमेऱ्याच्या टप्प्यात नव्हती.

तरी पुढचे काही दिवस जगभरच्या स्टुडिओंत एकाच विषयावर चर्चा रंगली: सद्दाम मेला, जखमी झाला की वाचला? काही तासांनी तो इराकी टीव्हीवर आला. डोळ्यांवर मोठा चष्मा, हातात कागद, कागदावरून वाचन. लगेच हा खरा की तोतया, यावर तज्ज्ञ बसले. नंतर अमेरिकनांनी ती जागा तपासली तेव्हा तिथे बंकर सापडलाच नाही. सद्दाम डिसेंबर 2003मध्ये तिक्रितजवळ जिवंत पकडला गेला. त्या साऱ्या चर्चेत एकही वाक्य असं नव्हतं की जे स्वतः डोळ्यांनी पाहिलेल्या माणसाकडून आलं होतं.

आता उम्म कसर. पहिल्या आठवड्याचं वार्तांकन समजून घ्यायचं असेल तर मी कुणालाही आधी या बंदराची गोष्ट सांगते. कुवेतच्या सीमेला लागून असलेलं हे इराकचं खोल पाण्याचं बंदर, गाव म्हणावं इतकंच. मदतीची जहाजं इथेच लागणार म्हणून त्याचं महत्त्व. 21 मार्चला, म्हणजे युद्धाच्या दुसऱ्याच दिवशी, ब्रिटनच्या सेनाप्रमुखांनी जाहीर केलं की बंदर अमेरिकी मरीन्सच्या ताब्यात आलंय. मरीन्सनी तिथे अमेरिकेचा झेंडा चढवला आणि आपण मुक्त करायला आलोय, जिंकायला नाही, हे लक्षात आल्यावर उतरवलाही. ‘उम्म कसर पडलं’ ही पट्टी जगभर फिरली. आपल्याकडच्या बातमीपत्रांतही ती होती.

मग 23 मार्चचा रविवार उजाडला. आपल्याकडे तो जोहान्सबर्गच्या अंतिम सामन्याचा दिवस, घराघरात सचिनचा जप चाललेला. त्याच दिवशी याच ‘पडलेल्या’ उम्म कसरमधून थेट प्रक्षेपण सुरू झालं. मरीन्स मातीच्या बांधाआड आडवे पडलेत, समोरच्या इमारतीवर गोळ्या झाडताहेत, मध्येच थांबताहेत. मग रणगाडा पुढे येतो. तरीही समोरून गोळीबार थांबत नाही म्हणून शेवटी हॅरिअर विमानं येऊन बॉम्ब टाकतात. हे तासन् तास चाललं आणि जगानं ते जसंच्या तसं पाहिलं. दोन दिवसांपूर्वी ताब्यात आलेलं बंदर अजून लढत होतं. ते खरोखर सुरक्षित झाल्याचं सांगायला 25 मार्च उजाडला, आणि मदत घेऊन आलेलं ‘सर गॅलहॅड’ हे ब्रिटिश जहाज धक्क्याला लागलं 28 तारखेला.

यात एक गोष्ट नीट बघा. खोटी बातमी उघडी पाडली तीही टीव्हीनंच. कॅमेरा प्रत्यक्ष जागेवर पोहोचला आणि बराच वेळ न हलता तिथे राहिला तेव्हा दाव्याचा फुगा फुटला. म्हणून ‘टीव्हीवर काही विश्वास ठेवायचा नाही’ असं म्हणणारे माझ्या मते चुकतात. कॅमेरा जागेवर आहे की नाही, हे ओळखता आलं पाहिजे.

त्याच आठवड्यातल्या बाकीच्या बातम्या आता भरभर सांगते, कारण सगळ्यांचा साचा एक आहे. 51वी इराकी डिव्हिजन सेनापतीसकट शरण आली, असं सांगितलं गेलं. दोन दिवसांत अल जझीरावर त्या डिव्हिजनचा अधिकारी बसऱ्यातून मुलाखत देताना दिसला. नजफजवळ रासायनिक अस्त्रांचा प्रचंड कारखाना सापडला, अशी बातमी 23 तारखेला धडकली. तो रासायनिक अस्त्रांचा कारखाना नव्हता. 25 तारखेला बसऱ्यात सद्दामविरुद्ध लोकांचा उठाव झाला, असं ब्रिटिश फौजांच्या हवाल्यानं सांगितलं गेलं. हे सांगणारे पत्रकार शहराच्या बाहेर ब्रिटिश तुकड्यांसोबत होते. शहराच्या आत एकच आंतरराष्ट्रीय टीव्ही चमू होता, अल जझीराचा, आणि त्यांचा वार्ताहर सांगत होता की रस्ते शांत आहेत. ब्रिटिश फौजा बसऱ्यात शिरल्या त्या 6 एप्रिलला. तोपर्यंत ज्याला उठाव म्हणावं असं काही तिथे झालं नव्हतं.

या चारही बातम्या एकाच बाजूला झुकलेल्या आहेत. बंदर पडलं, डिव्हिजन शरण आली, कारखाना सापडला, जनता उठली. निव्वळ घाईगर्दीत चुका होत असत्या तर काही या बाजूच्या, काही त्या बाजूच्या झाल्या असत्या. सगळ्या एकीकडे कलतात तेव्हा समजायचं की सगळ्यांचा उगम एक आहे. युद्ध सुरू करणाऱ्या पक्षाला पहिल्या आठवड्यात ‘विरोध कोसळतोय’ असं वातावरण हवं असतं, कारण ते वातावरण शत्रूच्या सैनिकालाही ऐकू जातं. सैन्यानं असं वागावं यात मला नवल वाटत नाही, ते त्यांच्या युद्धाचा भाग आहे. डेस्कनं ते स्वतःच्या आवाजात वाचून दाखवावं, याचं मला वाईट वाटतं.

समोरची बाजू धुतल्या तांदळासारखी होती, असंही कुणी समजू नये. इराकचे माहितीमंत्री मोहम्मद सईद अल-सह्हाफ रोज पत्रकारांपुढे येऊन अमेरिकी फौजा पळताहेत असं ठणकावून सांगत होते, अगदी रणगाडे शहरात शिरेपर्यंत. पण त्यांचं म्हणणं प्रत्येक चॅनेल ‘इराकचा दावा’ असंच लिहीत होतं. उम्म कसरची बातमी मात्र ‘दावा’ हा शब्द न लावता गेली होती. प्रेक्षकाचा घात होतो तो इथे.

आता कॅमेरा कुठे उभा असतो, याच्या तपशिलात शिरते. 2003मध्ये तो मुख्यतः तीन ठिकाणी होता. पहिलं ठिकाण म्हणजे दोहाजवळ अस-सायलिया तळावरचं अमेरिकी माध्यम केंद्र. तिथला मंच हॉलिवूडच्या डिझायनरकडून करून घेतला होता. मोठमोठे पडदे, नकाशे, आणि समोर अमेरिकी लष्कराचे प्रवक्ते ब्रिगेडियर जनरल व्हिन्सेंट ब्रुक्स. तिथून युद्ध दिसत नव्हतं, युद्धाबद्दलची पत्रकार परिषद दिसत होती.

दुसरं ठिकाण म्हणजे फौजांच्या आत. युद्ध सुरू झालं तेव्हा पाचशेहून जास्त पत्रकार वेगवेगळ्या तुकड्यांशी जोडलेले होते. यांना एम्बेडेड म्हणत. त्यांना आधी लष्करी तळांवर नेऊन गॅस मास्क लावण्यापासून सगळं शिकवलं होतं, आणि त्यांनी नियमांच्या कागदावर सह्या केल्या होत्या: नेमकं ठिकाण सांगायचं नाही, पुढची मोहीम सांगायची नाही, मृत सैनिकाचं नाव घरच्यांना कळण्याआधी द्यायचं नाही. यातले बरेचसे नियम मला पटतात. सैनिकाच्या आईला मुलगा गेल्याचं टीव्हीवरून कळू नये, यात वाद घालण्यासारखं काय आहे?

अडचण नियमांत नव्हती, जागेत होती. सीएनएनचे वॉल्टर रॉजर्स अमेरिकी लष्कराच्या सातव्या कॅव्हलरी या रणगाड्यांच्या तुकडीसोबत वाळवंटातून निघाले आणि व्हिडिओफोनवरून धावत्या रणगाड्यांचं थेट चित्र आलं, तेव्हा आमच्या डेस्कवर सगळे कामं टाकून मॉनिटरपुढे उभे राहिले. चित्र फुटत होतं, चौकटी चौकटी दिसत होत्या, धुळीनं पिवळं पडलं होतं. तरी असं कुणी कधी पाहिलं नव्हतं. पण ते चित्र जरा शांतपणे बघितलं तर त्यात काय होतं? अमेरिकी रणगाड्याचा मागचा भाग, उडणारी वाळू, क्षितिज. इराकी माणूस त्यात नव्हता. रणगाड्यातून सुटलेला गोळा दिसतो, तो जिथे पडतो ते दिसत नाही. अमेरिकेतल्या ‘प्रोजेक्ट फॉर एक्सलन्स इन जर्नलिझम’ या संस्थेनं सुरुवातीच्या दिवसांतल्या एम्बेडेड पत्रकारांच्या 108 बातम्या तपासल्या. त्यातल्या 94 टक्के वस्तुनिष्ठ, म्हणजे मतं न ठोकता दिसलं ते सांगणाऱ्या होत्या. पण गोळी लागून माणूस पडताना, जखमी होताना किंवा मरताना दाखवणारं दृश्य त्यातल्या एकाही बातमीत नव्हतं. हे दोन्ही निष्कर्ष एकत्र वाचा. पत्रकार खरं बोलत होते आणि तरीही युद्ध दिसत नव्हतं.

एम्बेडेड पत्रकारितेला सरसकट नावं ठेवणं मला मान्य नाही, त्यालाही कारण आहे. 31 मार्चला नजफजवळच्या नाक्यावर अमेरिकी सैनिकांनी एका गाडीवर गोळ्या झाडल्या. आत बायका-मुलं होती. इशाऱ्याची गोळी झाडली होती, सात जण ठार झाले, असं पेंटागॉननं सांगितलं. त्याच तुकडीसोबत ‘वॉशिंग्टन पोस्ट’चे विल्यम ब्रॅनिगिन होते. त्यांनी लिहिलं की दहा जण गेले, आणि इशाऱ्याची गोळी वेळेत झाडली नाही म्हणून कॅप्टन स्वतःच्याच माणसांवर ओरडत होता. ते जागेवर होते म्हणूनच हे बाहेर आलं. पण ते वर्तमानपत्राचे होते. त्यांच्याकडे वही होती, दर तासाला स्टुडिओला जोडून घ्यायची सक्ती नव्हती. टीव्हीचा पत्रकार दर अर्ध्या तासाला लाइव्ह द्यायचं म्हणून अँटेनाजवळ अडकतो आणि चौकशी करायला त्याला वेळच उरत नाही. आमच्या धंद्यातली ही गोष्ट बाहेरच्यांना सहसा माहीत नसते.

कुठल्याही फौजेसोबत न जाता स्वतःच्या जबाबदारीवर हिंडणाऱ्या पत्रकारांचं काय झालं, हेही सांगायला हवं. ब्रिटनच्या आयटीएन या टीव्ही वृत्तसंस्थेचे टेरी लॉइड तसे निघाले होते. 22 मार्चला बसऱ्याजवळ दोन्ही बाजूंच्या गोळीबारात त्यांचा चमू सापडला. गाड्यांवर मोठ्या अक्षरांत टीव्ही लिहिलेलं होतं. लॉइड आधी जखमी झाले, आणि त्यांना उचलून नेणाऱ्या गाडीवर पुन्हा गोळ्या आल्या तेव्हा त्यांचा जीव गेला. दुभाषे हुसेन उस्मान मारले गेले. कॅमेरामन फ्रेड नेराक यांचा पत्ताच लागला नाही. ऑक्टोबर 2006मध्ये ब्रिटिश कॉरोनरनं, म्हणजे मृत्यूच्या कारणाची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्यानं, निकाल दिला की लॉइड अमेरिकी सैनिकांच्या गोळीनं, बेकायदा रीतीनं मारले गेले. त्या दिवसानंतर स्वतंत्रपणे हिंडण्याची किंमत सगळ्यांनाच कळली, आणि अनेक संपादकांनी आपली माणसं मागे घेतली. दक्षिण इराकमधलं वार्तांकन त्यानंतर आणखी एकांगी झालं.

तिसरं ठिकाण बगदाद. 21 मार्चच्या रात्री, आपल्याकडे अकरा-साडेअकराला, बॉम्बवर्षाव सुरू झाला आणि तैग्रिसच्या पलीकडच्या काठावरच्या सरकारी इमारती पेटल्या. नारिंगी ज्वाळा, काळा धूर, नदीच्या पाण्यात त्यांचं प्रतिबिंब. ही दृश्यं तुम्ही पाहिली असतील, अजूनही लावतात. कॅमेरे अलीकडच्या काठावर होते म्हणून राजवाड्यांचा तो परिसर समोरासमोर सापडला. प्रत्यक्ष भडिमाराचं चित्र तसं थोडा वेळच चाललं. पण एजन्सीकडून आलेला तुकडा डेस्कवर कापून लूपवर टाकला की तो बातमीपत्रात अँकरच्या मागे, तज्ज्ञाच्या शेजारी, टिकरच्या वर फिरतच राहतो. घरात बसलेल्या माणसाला वाटतं, तिथे आत्ता अखंड बॉम्ब पडताहेत. आखातात नातेवाईक असलेल्या घरांत यानं काय होतं, ते मला चांगलं ठाऊक आहे. रत्नागिरी, रायगड, गोवा या पट्ट्यातली कितीतरी माणसं तेव्हा कुवेतमध्ये होती. इराकनं कुवेतवर क्षेपणास्त्रं सोडली, सायरन वाजत राहिले, 29 मार्चच्या पहाटे एक क्षेपणास्त्र समुद्रकाठच्या सूक शर्क मॉलजवळ आदळलंही. पण आमच्या नकाशावर अख्खा कुवेत लाल रंगवलेला असायचा. कोकणातल्या गावांतून फोन यायचे, ‘आमचा मुलगा फहाहीलला असतो, तिथे काय झालंय?’ फहाहील मॉलपासून बरंच दक्षिणेला. नकाशावर चार गावांची नावं आणि अंतराची पट्टी घातली असती तर त्या आईची रात्र सुखाची गेली असती.

आता डेस्कवरचा एक कागद दाखवते, कारण तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं निम्मं उत्तर त्यात आहे. एजन्सीच्या प्रत्येक दृश्याबरोबर डोप शीट येते. त्यावर ठिकाण, तारीख, दृश्य कुणी टिपलं, कुठल्या अटीवर वापरायचं, आणि एकेका शॉटचं वर्णन असतं. विमानातून टिपलेलं, काळ्या-पांढऱ्या चौकटीत इमारत फुटतानाचं दृश्य आलं की स्रोताच्या रकान्यात लिहिलेलं असतं: अमेरिकी संरक्षण खातं. म्हणजे ते सैन्यानं निवडून दिलेलं आहे. चुकलेल्या बॉम्बची फीत सैन्य कशाला देईल? नासिरियाजवळ 23 मार्चला पकडलेल्या अमेरिकी सैनिकांची दृश्यं आली तेव्हा स्रोत होता इराकी सरकारी टीव्ही. त्यांच्यापैकीच जखमी सैनिक जेसिका लिंचला 1 एप्रिलच्या रात्री रुग्णालयातून सोडवून आणल्याचं हिरवट दृश्य आलं, तेही लष्करानंच टिपलेलं आणि लष्करानंच कापलेलं. ती शेवटच्या गोळीपर्यंत लढली, असं तेव्हा छापून आलं. 2007मध्ये तिनं स्वतः अमेरिकी संसदेच्या समितीपुढे सांगितलं की ते खरं नव्हतं. डोप शीटवरचा तो स्रोताचा रकाना डेस्कवरच्या प्रत्येकाला दिसतो. प्रेक्षकापर्यंत तो पोहोचतो तेव्हा कोपऱ्यात बारीक अक्षरांत, तीन सेकंदांसाठी. माझी कळकळीची मागणी आहे की तो पूर्ण वेळ, वाचता येईल अशा अक्षरांत असावा.

आकाशातल्या ठिणग्यांबद्दल एक इशारा, कारण आता प्रत्येक युद्धात क्षेपणास्त्रं आणि ड्रोन पाडल्याची दृश्यं असतात. 1991च्या आखाती युद्धात सौदी अरेबिया आणि इस्रायलच्या आकाशात अमेरिकेची पेट्रियट क्षेपणास्त्रं इराकच्या स्कड क्षेपणास्त्रांना भिडताना टीव्हीवर दिसली. लख्ख प्रकाश व्हायचा, टाळ्या पडायच्या. थोरले बुश यांनी पेट्रियटच्या कारखान्यात जाऊन सांगितलं की 42 पैकी 41 स्कड अडवली. युद्धानंतर तपासणी होत गेली तसा हा आकडा खाली खाली येत गेला, खुद्द लष्करानंच तो बराच कमी केला. कॅमेऱ्याला स्फोट दिसतो. स्फोटात कोण नष्ट झालं, हे त्याला दिसत नाही. स्कडचं टोक शाबूत राहून खाली पडलं तरी आकाशातला प्रकाश तेवढाच सुंदर दिसतो.

स्टुडिओतल्या निवृत्त सेनाधिकाऱ्यांबद्दलही लोक विचारतात. त्यांचं ज्ञान खरं असतं आणि काही जण फार चांगलं समजावून सांगतात. पण एप्रिल 2008मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’नं पुराव्यानिशी दाखवून दिलं की इराक युद्धाच्या काळात अमेरिकी चॅनेलवर बसणाऱ्या अशा अनेक विश्लेषकांना पेंटागॉन मुद्दे पुरवत होतं, आणि त्यातल्या काहींचे संरक्षण कंत्राटदारांशी व्यावसायिक संबंध होते. हे प्रेक्षकांना सांगितलं गेलं नव्हतं. तज्ज्ञाच्या नावाखाली ‘मेजर जनरल (निवृत्त)’ एवढंच लिहून भागत नाही. सध्या ते काय करतात, हेही लिहायला हवं. आपल्याकडेही.

तर आता मे 2025. 8 मेच्या रात्री काही चॅनेलनी कराची बंदरावर नौदलाचा हल्ला झाल्याचं सांगितलं. तसं काही झालं नव्हतं. दुसऱ्या देशांतली, दुसऱ्याच घटनांची जुनी दृश्यं त्या बातम्यांना लावली गेली. इथे मी इराकशी तुलना थांबवते, कारण उम्म कसरच्या बातमीला निदान एका सेनाप्रमुखाचं जाहीर विधान होतं. कराचीच्या बातमीमागे तेवढंही नव्हतं. व्हॉट्सअॅपवर आलेलं पट्टीवर गेलं, एकानं लावलं म्हणून दुसऱ्यानं लावलं. प्रतिस्पर्धी चॅनेल पंधरा सेकंद आधी लावेल या भीतीपोटी स्वतःच्या देशातल्या लोकांना खोटं सांगणं, याला मी मुद्दामच म्हणते. तपासायचं नाही, असं ठरवणं म्हणजे मुद्दाम करणंच. स्टुडिओत सायरन वाजवण्याचा प्रकार इतका वाढला की 10 मेला नागरी संरक्षण महासंचालनालयाला चॅनेलना सांगावं लागलं, जनजागृतीशिवाय हा आवाज वापरू नका. सीमेजवळच्या गावात खरा सायरन वाजला आणि लोकांना तो टीव्हीचा वाटला, तर त्याचा दोष कुणाच्या माथी?

लष्करी हालचालींचं थेट प्रक्षेपण करू नये, हा सरकारचा 26 एप्रिलचा सल्ला मात्र मला योग्य वाटतो. 26/11ला कमांडो छतावर उतरतानाचं दृश्य आपण मुंबईतून सगळ्या जगाला दाखवलं होतं.

पुढच्या वेळी काय करायचं? माझ्या घरी मी काय करते, ते सांगते. पहिल्या दिवसांत चोवीस तासांचं चॅनेल लावून ठेवत नाही. सकाळी एक आणि रात्री एक, अशी ठरावीक वेळेची दोन बातमीपत्रं बघते, कारण त्यांना कापाकापी करायला थोडा वेळ मिळालेला असतो. एखादं शहर, तळ किंवा बंदर पडल्याची बातमी आली की तिथून कुणी बोलतंय का ते पाहते. सगळे स्टुडिओतून किंवा शंभर किलोमीटरवरून बोलत असतील तर ती बातमी मनात ‘दावा’ या खात्यात टाकते आणि दोन दिवस तिथेच ठेवते. शत्रूच्या नुकसानीचा आकडा पहिल्या रात्री पूर्णपणे सोडून देते. एकच दृश्य वेगवेगळ्या बातम्यांवर दिसलं तर समजते की लूप आहे, नवीन काही नाही. आणि फक्त क्लोज-अप दाखवत असतील तर वाइड शॉटची वाट पाहते. 9 एप्रिल 2003ला फिरदोस चौकात सद्दामचा पुतळा पाडला तेव्हा जवळच्या शॉटमध्ये चौक माणसांनी भरल्यासारखा वाटत होता. लांबच्या शॉटमध्ये चौकाचा मोठा भाग रिकामा होता आणि कडेनं अमेरिकी रणगाडे उभे होते. दोन्ही दृश्यं खरी होती, पण पट्टीवर ‘बगदादची जनता रस्त्यावर’ लिहायचं की नाही, हे लांबच्या शॉटवरून ठरतं.

घरातलं कुणी त्या भागात असेल तर टीव्ही बंद करा आणि त्यांना फोन लावा. लागला नाही तर दूतावासाची हेल्पलाइन आणि त्यांची कंपनी. तुमचा मुलगा नेमक्या कुठल्या वस्तीत राहतो, जवळची मोठी खूण कोणती, हे आधीच लिहून ठेवा. बातमीत शहराचं नाव ऐकून काळजाचा ठोका चुकण्यापेक्षा ते अंतर तुम्हाला माहीत असलेलं बरं.

आणि खोटी बातमी दिसली तर नुसती समाजमाध्यमांवर ओरड करून थांबू नका. जे चॅनेल न्यूज ब्रॉडकास्टर्स अँड डिजिटल असोसिएशनचे सदस्य आहेत त्यांच्याविरुद्ध दाद मागता येते. आधी प्रक्षेपणापासून सात दिवसांच्या आत त्या चॅनेलकडेच लेखी तक्रार करायची, उत्तर समाधानकारक नसेल तर संघटनेच्या प्राधिकरणाकडे जायचं. तक्रारीत तारीख, वेळ, पट्टीवरचे नेमके शब्द आणि पडद्याचा फोटो द्या. ‘तुम्ही देशाची दिशाभूल केली’ असं लिहिलं तर त्याला ठरावीक छापाचं उत्तर येतं. ‘अमुक वाजता तुम्ही अमुक दृश्य कराचीचं म्हणून दाखवलंत, ते कुठून आलं होतं?’ असं विचारलंत तर कुणाला तरी ते दृश्य पुन्हा काढून बघावं लागतं.